जप्त ट्रॅक्टरची किंमत जास्त लावली असेल तर

गोदाकाठच्या तालुक्यात मी महसुली प्रकरणं चालवते. वाळूच्या कारवाईत ट्रॅक्टर गेला की माणूस आधी दंड किती ते विचारतो. मी आधी पंचनामा मागते.

मागच्या उन्हाळ्यात एक शेतकरी आला. पंचनाम्यात 'ट्रॅक्टर व ट्रॉली, अंदाजे किंमत ८ लाख' एवढंच लिहिलेलं. ट्रॅक्टर २०१३चा. मीटरवर ९ हजारांच्या वर तास, मागचे टायर गुळगुळीत, ट्रॉलीचा फाळका तारेने बांधलेला. यातलं एक अक्षर पंचनाम्यात नव्हतं, आणि जातमुचलका (ठरलेल्या रकमेचं वैयक्तिक हमीपत्र) मात्र ८ लाखांचाच मागितला होता.

महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम ४८(८) नीट वाचा. जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा अधिकार दिलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून खालच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचं असतं. दंड भरून आणि जातमुचलका दिल्यावर ते वाहन सोडू शकतात. जातमुचलक्याची रक्कम वाहनाच्या बाजारभावापेक्षा जास्त असता कामा नये. आपली हरकत याच वाक्यावर उभी राहते. दंड वाहनाच्या प्रकारावर ठरतो, किंमत कमी लागली म्हणून तो घटत नाही. दोन्ही भांडणं एकाच अर्जात कालवू नका.

वाहन आवारात लागलं त्याच दिवशी फोटो काढा: मीटर, चेसिस नंबर, टायर, गंज. पावसाळा उलटल्यावर काढलेल्या फोटोवर 'ही झीज नंतरची' असं उत्तर येतं. मग फेरमूल्यांकनाचा लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. सोबत आरसी, विमा पॉलिसी, मान्यताप्राप्त मूल्यांकनकाराचा अहवाल आणि त्याच मॉडेलच्या जुन्या ट्रॅक्टरची दोन-तीन दरपत्रकं जोडा. नुसत्या विम्याच्या आकड्यावर विसंबू नका. पाच वर्षांपर्यंत घसारा, म्हणजे जुनेपणाची घट, तक्त्याप्रमाणे लागतो, पुढे तो आकडा मालक आणि कंपनी आपसात ठरवतात, आणि अधिकारी नेमकं त्यावरच बोट ठेवतो.

अर्जावर कारणांसह आदेश मागा, तोंडी नकारावर पुढे काही करता येत नाही. आदेश उपविभागीय अधिकाऱ्यांचा असेल तर जिल्हाधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील. नक्कल त्याच आठवड्यात काढा.

तिथेही दाद मिळाली नाही तर उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली याचिका. इथे लोकांची फार मोठी गैरसमजूत असते. न्यायालय तुमच्या ट्रॅक्टरची किंमत ठरवायला बसत नाही. टाटा सेल्युलर खटल्यात १९९४ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं तसं, निर्णय कसा घेतला हे तपासलं जातं. वाहन पाहिलं का, दिलेले कागद विचारात घेतले का, तुम्हाला ऐकलं का, कारणं लिहिली का. म्हणून याचिकेत 'किंमत ३ लाख धरा' यापेक्षा 'आदेश रद्द करून पाहणीसह फेरमूल्यांकन करावं' ही मागणी टिकते. जे कागद खाली दिलेच नाहीत, ते वर पहिल्यांदा दाखवून फारसं साधत नाही.

गुन्हाही दाखल असेल आणि वाहन पोलिसांच्या ताब्यात असेल तर वाट वेगळी: न्यायदंडाधिकाऱ्यांकडे सुपूर्तनाम्याचा, म्हणजे वाहन ताब्यात मिळण्याचा अर्ज, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता कलम ४९७ किंवा ५०३. तिथे सुंदरभाई अंबालाल देसाई हा २००२चा निकाल जोडा. पोलीस ठाण्याच्या आवारात वाहनं कुजवत ठेवू नयेत, हे त्यात स्पष्ट आहे.

त्या शेतकऱ्याचं काम अपिलातच झालं. फेरपाहणीत किंमत ३ लाख २५ हजार लागली. ताबा घेताना बॅटरी गायब होती. ते आम्ही ताबा पावतीवरच लिहून घेतलं, मग सही केली.