जुन्या कॉम्प्युटरवर विंडोज ११ : माझा अनुभव

माझा कॉम्प्युटर सहाव्या पिढीच्या कोअर आय५चा, ८ जीबी रॅमचा. विंडोज ११ला इंटेलचा प्रोसेसर साधारण आठव्या पिढीपासून पुढचा लागतो, शिवाय टीपीएम २.० (किल्ल्या सुरक्षित ठेवणारी सुरक्षेची सोय) आणि सिक्युअर बूट (सुरू होताना फक्त विश्वासार्ह सॉफ्टवेअरच चालू देणारी सोय). १४ ऑक्टोबर २०२५ला विंडोज १०चा नेहमीचा सपोर्ट संपला, पण चांगलं चालणारं मशीन भंगारात काढायला माझं मन तयार होईना.

टीपीएम सोपं निघालं. बायोसमध्ये (कॉम्प्युटर सुरू होतानाच्या मूळ सेटिंगमध्ये) पीटीटी या इंटेलच्या नावाने ते बंद होतं, चालू केलं. खरी अडचण डिस्कची. ती एमबीआर (डिस्कच्या विभागांची नोंद ठेवायची जुनी पद्धत) पद्धतीची होती आणि सिक्युअर बूटला यूईएफआय (बायोसची नवी पद्धत) हवं, म्हणजे डिस्कही जीपीटी या नव्या पद्धतीची. विंडोजमधलंच एमबीआर२जीपीटी हे टूल डेटा न पुसता रूपांतर करतं. माझ्याकडे मात्र तपासणीतच अडकलं. दोन संध्याकाळी गेल्यावर कारण कळलं: त्याला जास्तीत जास्त तीन प्रायमरी पार्टिशन (डिस्कचे मुख्य विभाग) चालतात, माझी चार होती. जुनं रिकव्हरी पार्टिशन काढल्यावर काम एका मिनिटात झालं. (आधी बॅकअप घ्याच, मी दोन घेतले होते.) मग बायोसमध्ये लेगसी (जुन्या पद्धतीच्या) बूटऐवजी यूईएफआय निवडलं.

प्रोसेसरची अट उरली. रूफस या मोफत प्रोग्रॅमने विंडोज ११चा इन्स्टॉलेशन पेनड्राइव्ह बनवताना हार्डवेअरच्या अटींची तपासणी वगळायचा पर्याय निवडला आणि त्यावरूनच बूट केलं. इन्स्टॉल करताना वाय-फाय दिसेना, तेव्हा फोन यूएसबीने जोडून इंटरनेट दिलं.

दरमहाचे सुरक्षा अपडेट मला मिळतात. मोठी वार्षिक आवृत्ती आपोआप येत नाही, त्यासाठी पुन्हा पेनड्राइव्ह. एक मात्र तपासा: २४एच२ या २०२४च्या आवृत्तीपासून पॉपकाउंट ही सूचना (प्रोसेसरला समजणारी एक आज्ञा) नसलेल्या फार जुन्या प्रोसेसरवर विंडोज सुरूच होत नाही, तिथे हा उपाय चालणार नाही.