मुलांच्या योजनांचे पैसे अडतात कुठे? ठाणे-नवी मुंबईतल्या पालकांनो, या चुका टाळा

दिघ्यापासून तुर्भे स्टोअरपर्यंत आणि कळव्यापासून दिव्यापर्यंत कुठल्याही चाळीत विचारा, योजनांची नावं बायकांना तोंडपाठ असतात. मातृवंदना, लेक लाडकी, बालसंगोपन. पैसे हातात पडलेल्या मात्र त्या मानाने कमी. आमच्या बचत गटाच्या बैठकीत कोणी पिशवीतून कागद काढून दाखवले की बहुतेक वेळा एकच गोष्ट दिसते. बाई पात्र असते, पण तिचे कागद एकमेकांशी जुळत नाहीत. आधारवर सासरचं नाव, पासबुकावर माहेरचं, रेशनकार्ड अजून सासऱ्यांच्या नावाने जालन्याला.

यामागे एक सवय आहे. योजना जाहीर झाली की सगळे आधी फॉर्म शोधायला धावतात. सुरुवात बँकेच्या खात्यापासून करायला हवी.

खातं कुठलं दिलं आणि पैसे कुठे गेले

आता जवळजवळ सगळे पैसे डीबीटीने, म्हणजे आधार क्रमांकाच्या आधाराने जमा होतात. फॉर्मवर तुम्ही कुठल्या बँकेचा नंबर लिहिला यापेक्षा तुमचं आधार आज डीबीटीसाठी कुठल्या बँकेला जोडलेलं, म्हणजे 'सीड' केलेलं आहे, याला महत्त्व असतं. केवायसीसाठी बँकेत आधारची झेरॉक्स दिली म्हणजे सीडिंग झालं, असं बहुतेकांना वाटतं. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. खाती चार असली तरी डीबीटीसाठी आधार एका वेळी एकाच खात्याला जोडलेलं राहतं, आणि सर्वांत शेवटी जिथे संमती दिली तिथे ते सरकतं.

त्यामुळे असं होतं. गावी जनधन खातं काढलेलं असतं. इथे कंपनीत लागल्यावर ठेकेदाराने पगाराचं खातं काढायला लावलं. मध्येच मोबाइलच्या दुकानात अंगठा दिला, तर तिथेही एक पेमेंट बँकेचं खातं उघडलं गेलं, जे बाईला माहीतच नाही. पैसे त्या तिसऱ्या खात्यात पडून राहतात आणि ती अंगणवाडी सेविकेशी भांडत बसते.

तपासायला पाच मिनिटं लागतात. माय आधारच्या संकेतस्थळावर आपल्या आधार क्रमांकाने लॉगिन करा, 'बँक सीडिंग स्टेटस' उघडा, बँकेचं नाव आणि 'ॲक्टिव्ह' असा शेरा दिसेल. ओटीपी येण्यासाठी आधारला चालू मोबाइल नंबर जोडलेला हवा. नसेल तर सर्वांत आधी आधार केंद्रावर तेवढंच काम करून या. बँक चुकीची निघाली तर हव्या त्या बँकेत जाऊन 'डीबीटीसाठी आधार सीडिंग करायचं आहे' असं स्पष्ट सांगा आणि फॉर्मची पोच घ्या. खातं बाईच्या एकटीच्या नावावर असलेलं बरं. आणि दोन वर्षं व्यवहारच झाला नाही तर खातं निष्क्रिय होतं, म्हणून अधूनमधून शंभर रुपये भरून काढत जा.

नाव एकच ठेवा, आणि ते आधारवरचं ठेवा

लग्नानंतर बदललेलं नाव हा आपल्याकडचा जुना घोळ. आधार, पासबुक, बाळाच्या जन्मदाखल्यावरचं आईचं नाव आणि रेशनकार्ड ही चारही एका सुरात हवीत. जन्मदाखल्याची संधी तर पहिल्याच दिवशी हातात असते. प्रसूतीनंतर रुग्णालयात नर्स नाव विचारते तेव्हा दारात उभा असलेला भाऊ घाईत माहेरचं आडनाव सांगून मोकळा होतो. तेव्हाच आधारकार्ड पुढे करा.

जन्माची नोंद जिथे बाळंतपण झालं तिथेच होते. बाळंतपणाला साताऱ्याला गेलात तर दाखला तिकडचाच मिळेल, ठाणे महापालिकेत शोधू नका. नोंद २१ दिवसांत व्हायला हवी, वर्ष उलटलं तर दंडाधिकाऱ्याच्या आदेशाशिवाय होत नाही. बारसं व्हायचं आहे म्हणून नोंद थांबवू नका, बाळाचं नाव नंतर टाकता येतं. आणि १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळेपासून पुढे सगळीकडे जन्मतारखेचा पुरावा म्हणून हाच दाखला धरला जातो, तेव्हा त्यातली चूक 'नंतर बघू' म्हणून सोडण्यासारखी नाही.

मातृवंदना: बाळ झाल्यावर आठवण येते ती चूक

प्रधानमंत्री मातृवंदना योजनेत पहिल्या बाळाला ५,००० रुपये मिळतात, दोन हप्त्यांत. ३,००० गरोदरपणाची नोंदणी आणि निदान एक तपासणी झाल्यावर. २,००० जन्मनोंद आणि पहिल्या टप्प्यातल्या लसी, म्हणजे साडेतीन महिन्यांच्या डोसापर्यंत, पूर्ण झाल्यावर. दुसरं अपत्य मुलगी असेल तर ६,००० एकरकमी. दुसरं अपत्य मुलगा असेल तर काही नाही. ही अट मला पटते, मुलीच्या जन्माचं स्वागत व्हावं हाच तिचा उद्देश आहे, पण ती आधी कुणी नीट समजावून सांगत नाही आणि मग घरात सुनेलाच बोल लागतात.

नोंदणी पहिल्या सहा महिन्यांत हवी. आमच्याकडे पहिली फसगत इथे होते. बाई खासगी नर्सिंग होममध्ये नाव घालते, सोनोग्राफीची जाड फाइल तयार होते, पण नागरी आरोग्य केंद्राचं माता-बाल संरक्षण कार्ड काढलेलंच नसतं. योजनेला ते कार्ड आणि त्यावरची नोंद लागते. बाळंतपण कुठेही करा, पण पाळी चुकल्याची खात्री झाली की वस्तीतल्या आशाताईंकडे किंवा अंगणवाडीत नाव नोंदवून कार्ड घ्या. माहेरी जाताना ते सोबत न्या, तिकडच्या लसी त्यावरच लिहून आणा. दुसऱ्या खेपेलाही नोंदणी गरोदरपणातच करायची. मुलगी झाल्याचं कळल्यावर पळापळ केली तर उपयोग होत नाही. बाळ नऊ महिन्यांचं व्हायच्या आत अर्ज पूर्ण झालेला असू द्या, त्यानंतर मुदत हातातून जाते.

पात्रतेच्या बाबतीत उगाच घाबरू नका. दारिद्र्यरेषेखालचं कार्ड नसलं तरी अन्नसुरक्षेचं रेशनकार्ड, ई-श्रम कार्ड, आयुष्मान कार्ड किंवा आठ लाखांच्या आतल्या उत्पन्नाचा दाखला, यातलं एक पुरतं. घरकाम करणाऱ्या आणि रोजंदारीसाठी नाक्यावर उभ्या राहणाऱ्या बायकांना ई-श्रम कार्ड सर्वांत सोपं. आता नवऱ्याचं आधारही सक्तीचं नाही. नवऱ्याने टाकलेल्या बाईला 'त्याला घेऊन ये' असं कुणी सांगत असेल तर ते जुन्या नियमावर बोलताहेत.

सरकारी दवाखान्यात बाळंतपण झालं तर जननी सुरक्षा योजनेचे शहरात ६०० रुपये वेगळे असतात. रक्कम लहान आहे, पण पात्र असाल तर रुग्णालयातून घरी जाण्याआधीच विचारून घ्या.

लेक लाडकी: कार्ड केशरी आहे, पण दाखला?

ही योजना १ एप्रिल २०२३ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलींसाठी आहे. जन्मावर ५,०००, पहिलीत गेल्यावर ६,०००, सहावीत ७,०००, अकरावीत ८,००० आणि अठरा वर्षं पूर्ण झाल्यावर ७५,०००. एकूण १,०१,०००. 'लाख रुपये मिळतात' एवढंच ऐकून लोक येतात. ते लाख अठरा वर्षांत विखुरलेले आहेत, आणि योजनेतली सर्वांत मोठी मुलगीसुद्धा २०२९च्या आधी पहिलीत जाणार नाही. कुणी एजंट 'तुमच्या दोन वर्षांच्या मुलीचा दुसरा हप्ता काढून देतो' म्हणाला तर त्याला दारातूनच परत पाठवा.

पिवळं किंवा केशरी रेशनकार्ड लागतं, आणि त्यासोबत वर्षाला एक लाखाच्या आतल्या उत्पन्नाचा तहसीलदारांचा दाखला. इथेच गाडी अडते. एक लाख म्हणजे महिन्याला साडेआठ हजारही नाहीत. वागळे इस्टेटमध्ये वॉचमनची नोकरी करणाराही त्याच्या वर जातो. ठाण्यात खोलीचं भाडं काय आहे ते पाहता ही मर्यादा फार खाली ठेवली आहे, हे माझं स्पष्ट मत. तरीही उत्पन्न कमी दाखवून दाखला काढून देणाऱ्याच्या नादी लागू नका. तोच दाखला पुढे खासगी शाळांतल्या राखीव पंचवीस टक्के प्रवेशाला आणि शिष्यवृत्तीला फिरतो, आणि पगार बँकेत जमा होत असेल तर तफावत उघडी पडते.

आणखी एक अट आधीच ऐकून ठेवा. पहिल्या अपत्याच्या तिसऱ्या हप्त्याला आणि दुसऱ्या अपत्याच्या दुसऱ्या हप्त्याला आई किंवा वडिलांच्या कुटुंबनियोजन शस्त्रक्रियेचं प्रमाणपत्र लागतं. शस्त्रक्रिया झाली असेल तर तो कागद जपून ठेवा, दहा वर्षांनी रुग्णालयात जुनं रजिस्टर सापडेलच असं नाही.

अर्ज अंगणवाडीतून होतो. भाड्याने राहणारे इथे मागे पडतात, कारण सेविकेच्या सर्वेक्षणात त्यांचं घरच नसतं. ऐरोलीहून घणसोलीला खोली बदललीत तर त्याच आठवड्यात नव्या अंगणवाडीत जाऊन नाव सांगा.

चुकीच्या खिडकीवर रांग लावू नका

पत्त्यात 'नवी मुंबई' लिहिलेलं असलं तरी जिल्हा एक नसतो. ऐरोली, घणसोली, तुर्भे, वाशी, नेरूळ, बेलापूर हा भाग ठाणे जिल्ह्यात आणि ठाणे तहसीलमध्ये येतो. खारघर, कामोठे, कळंबोली, नवीन पनवेल रायगड जिल्ह्यात, तहसील पनवेल. खारघरच्या बाईने ठाण्याला कोर्ट नाक्यावर जिल्हाधिकारी कार्यालयात जाऊन दिवस घालवला तर तिला परतच पाठवतील. रेशनकार्डाचं आणखी वेगळं. ठाणे आणि नवी मुंबई महापालिकांच्या हद्दीत ते काम शिधावाटप कार्यालयाचं असतं, पनवेलकडे तहसीलच्या पुरवठा शाखेचं.

सुनेचं नाव माहेरच्या कार्डातून कमी झाल्याचा दाखला आणल्याशिवाय सासरच्या किंवा नव्या कार्डात चढत नाही. गावाला गणपतीला जाता तेव्हाच तो आणून ठेवा.

उत्पन्नाचा दाखला 'आपले सरकार' पोर्टलवरून किंवा सेतू केंद्रातून मिळतो. लोकसेवा हक्क कायदा २०१५ नुसार त्याला १५ दिवसांची मुदत आहे, उशीर झाला तर अपील करता येतं. त्यासाठी पोचपावतीवरचा नंबर लागतो. ५०० रुपयांचा स्टॅम्पपेपर लागत नाही, साध्या कागदावरचं स्वयंघोषणापत्र चालतं. सेतूत फॉर्म भरताना मोबाइल नंबर तुमचाच टाकलाय ना, ते स्क्रीनवर पाहा. बरेच सेतूवाले स्वतःचाच नंबर टाकून मोकळे होतात आणि त्रुटीचा मेसेज तुमच्यापर्यंत पोचतच नाही.

बालसंगोपन: वडील गेले, तरी कुणी सांगितलं नाही

मला सर्वांत जास्त हळहळ या योजनेची वाटते. क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजनेत दर मुलामागे महिन्याला २,२५० रुपये मिळतात, अठरा वर्षांपर्यंत. दोन मुलं असतील तर ४,५००. आणि ती फक्त अनाथांसाठी आहे, हा मोठा गैरसमज. एक पालक वारलेला, आईवडील विभक्त किंवा घटस्फोटित, एक पालक तुरुंगात किंवा दुर्धर आजाराने अंथरुणाला खिळलेला, अशा घरांतली मुलंही यात येतात.

हा अर्ज अंगणवाडीत किंवा तहसीलमध्ये देऊन उपयोग नाही. तो जिल्हा महिला व बालविकास अधिकारी आणि जिल्हा बाल संरक्षण कक्षाकडे जातो आणि आदेश बाल कल्याण समिती काढते. मृत्यूचा दाखला, मुलांचे बोनाफाइड, उत्पन्नाचा दाखला, आधार, मुलाचं पासबुक, रहिवासाचा पुरावा आणि घरासमोर मुलांसोबत काढलेला फोटो लागतो. मग गृहचौकशीला कार्यकर्ता घरी येतो. बाई सकाळी सातच्या लोकलने कामाला गेलेली, दाराला कुलूप, आणि फाइलवर 'घर बंद' असा शेरा. अर्जातच शेजारणीचा नंबर द्या आणि घरी कधी असता ते लिहा.

मंजुरी मिळाली म्हणजे महिन्याच्या महिन्याला पैसे येतील असं धरू नका. निधी आला की काही महिन्यांचे एकदम जमा होतात, त्यामुळे या पैशांच्या भरवशावर शाळेच्या फीचा वायदा करू नका. आदेशाची मुदत संपण्याआधी नूतनीकरणाचा अर्ज द्यायला विसरू नका. मिशन वात्सल्य या केंद्राच्या बालसंरक्षण कार्यक्रमाची महिना ४,००० रुपयांची प्रायोजकत्व योजनाही आहे, शहरात उत्पन्नमर्यादा वर्षाला ९६,०००. एकाच मुलासाठी दोन्ही धरता येत नाहीत, पण आपण कुठल्यात बसतो हे त्याच कार्यालयात विचारता येतं. विचारायला लाज वाटत असेल तर १०९८ वर फोन करा, तो मुलांसाठीचाच नंबर आहे.

घरातला कमावता माणूस १८ ते ५९ या वयात गेला आणि कुटुंब दारिद्र्यरेषेखालच्या यादीत असेल तर राष्ट्रीय कुटुंब लाभ योजनेचे एकरकमी २०,००० वेगळे. त्याचा आणि संजय गांधी निराधार अनुदानाचा अर्ज मात्र तहसीलमध्येच. निराधार अनुदानाची उत्पन्नमर्यादा वर्षाला २१,००० आहे.

मंजूर दाखवतंय, पैसे नाहीत

आधी सीडिंग पाहा, मग त्या बँकेत पासबुक भरून घ्या. पैसे आलेलेच नसतील तर कार्यालयात 'माझं काय झालं' असं तोंडी विचारू नका. अर्जाचा नंबर लिहून, फाइल कुठल्या टप्प्यावर आहे आणि त्रुटी काय आहे ते लेखी मागा, आपल्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. उत्तर नाही आलं तर 'आपले सरकार'च्या तक्रार विभागात टाका. त्यानंतर माहितीचा अधिकार आहेच, फी १० रुपये, दारिद्र्यरेषेखालच्यांना तीही नाही, उत्तराची मुदत ३० दिवस. माझा अनुभव असा की अर्धी कामं शिक्क्यापाशीच हलतात.

या काळात 'अंगणवाडीतून बोलतोय, बाळाचे पैसे आलेत, आलेला ओटीपी सांगा' असे फोन येतात. यादी कुठून तरी बाहेर जाते, बाळाचं नावसुद्धा बरोबर सांगतात. सेविका तुम्हाला ओळखते, ती ओटीपी मागत नाही आणि लिंकही पाठवत नाही. चुकून दिलाच तर संध्याकाळी नवरा घरी येईपर्यंत थांबू नका, लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा आणि बँकेला कळवून खातं गोठवून घ्या.