एडिटर व्हायचंय? आधी तालमीत चला

एडिटिंग शिकायला लगेच मुंबई गाठू नका. 1929 ला प्रभात फिल्म कंपनी आपल्या कोल्हापुरातच सुरू झाली. 1933 ला ती पुण्याला गेली, त्याच जागेत पुढं एफटीआयआय ही सिनेमा शिकवणारी संस्था आली. तिथं जरूर जा, पण हात बसवून जा.

घराजवळच्या तालमीत वस्तादांना विचारून मोबाईलवर सराव शूट करा. तोच डाव एकदा लांबून, एकदा जवळून. दाविंची रिझॉल्व्ह हे एडिटिंगचं सॉफ्टवेअर फुकट मिळतं, त्यात जोडा. शड्डू ठोकायला हात वर गेला की लांबचा शॉट सोडा. थाप जवळच्या शॉटमध्ये पडू दे. हालचालीत कट दिसतच नाही. समोरच्याची धाप त्याचा चेहरा यायच्या आधी ऐकवा, हा झाला जे-कट. आणि तालमीतली नुसती शांतता अर्धा मिनिट रेकॉर्ड कराच. आवाजाचे जोड झाकायला तीच लागते.

पुढं असिस्टंट व्हा. रशेस म्हणजे शूटिंगचं कच्चं फुटेज लावणं, क्लॅपच्या पाटीच्या ठोक्यावर आवाज जुळवणं, बॅकअप घेणं, ही कामं हलकी समजू नका. कुठल्या टेकमध्ये नट खरं बोलतोय, हे मला रशेस लावतानाच कळायला लागलं. लग्नाची कामंही घ्या, फक्त दुरुस्त्या किती वेळा करणार ते आधी लिहून घ्या.