मोबाईलवर मूक मेलोड्रामाची टर कशी उडवायची

मिशीला पीळ देणारा खलनायक, रुळाला बांधलेली नायिका, लांबून धूर सोडत येणारी गाडी. लोकांना वाटतं जुने मूकपट हे सगळं सिरियसली करायचे. पण हे मूळचं रंगभूमीवरचं. १८६७ला न्यूयॉर्कमध्ये 'अंडर द गॅसलाइट' नाटक आलं, त्यात रुळाला बांधलेला असतो पुरुष आणि त्याला सोडवते बाई! १९१३ला विनोदी मूकपट काढणाऱ्या मॅक सेनेटने नटी मेबल नॉर्मंडला रुळाला बांधून शॉर्ट फिल्म काढली तोवर तो प्रकार चावून चोथा झालेला, म्हणून तर त्याची थट्टा केली.

आता तुमची शॉर्ट. गोष्ट एका ओळीची घ्या, भाडं थकलंय, 'नाहीतर माझ्याशी लग्न कर', बास. नटांना कॉमेडी करायचीय हे सांगूच नका. खलनायकाला वाटलं पाहिजे आपण खरंच भयंकर आहोत, तो हसला की मेलं सगळं. फक्त कट शिजवताना त्याने थेट कॅमेऱ्याकडे बघून भुवई उडवायची. मिशी काजळाची काढू नका, घामाने हनुवटीपर्यंत येते, अनुभव आहे.

खऱ्या रुळांवर अजिबात जायचं नाही, गुन्हाही आहे आणि जीवही जातो. गच्चीवर दोन पाइप टाका, गाडी म्हणजे सायकल. खरी गंमत इथे आहे, सायकल नायिकेकडे आणायचीच नाही. पुढचं चाक तिच्यापासून वीतभर अंतरावर ठेवून शूट सुरू करा, मागून एकाने सायकल हळूहळू ओढत न्यायची, स्वाराने मात्र पुढेच बघायचं, आणि एडिटिंगमध्ये क्लिप रिव्हर्स, म्हणजे ती सुसाट येऊन बरोबर वीतभरावर थांबते. मूकपटवाले रेल्वेचं इंजिन असंच मागे नेऊन शूट करायचे. फ्रेममध्ये दुसरं कोणी हलत नाही ना तेवढं बघा, आमच्या शेजारचे काका वाळलेले कपडे घेऊन उलटे चालत गेलेत.

एडिटिंगमध्ये क्लिपचा स्पीड वाढवा, पण दीडपटीपेक्षा जास्त नको. तेव्हा कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवायचे, धावपळीला मुद्दाम हळू, म्हणून पडद्यावर माणसं तुरुतुरु पळतात. पण रडायचा सीन नॉर्मलच ठेवा.

आता राहिल्या मधेमधे टाकायच्या संवादांच्या पाट्या, काळ्यावर पांढरी अक्षरं, भाषा जुन्या संगीत नाटकातली, 'नराधमा, सोड मज अबलेला!' वगैरे. पाटी मनात दोनदा वाचून होईल इतका वेळ ठेवा, आजीला चष्मा शोधावा लागतो.