जर्मन कायदा-प्रकाशकाचं चरित्र मराठीत कसं लिहायचं, ओटो लीबमान धरून सांगतो

लातूर-नांदेडकडची एलएलबीची पोरं हल्ली सेमिनारला बाहेरच्या देशातले विषय घ्यायलेत, लई चांगलंय, पण जो तो न्यायाधीश नाहीतर मोठा प्राध्यापक धरतो, प्रकाशक कुणीच घेत नाही. आपल्याकडं तरी काय वेगळं आहे, कोर्टात उभं राहून रोज एआयआरचा, म्हणजे ऑल इंडिया रिपोर्टर या निकालसंग्रहाचा, हवाला द्यायचा आणि नागपुरातून तो काढणारे चितळे कोण होते हे विचारलं की सगळे गप्प. कायद्याचं पुस्तक वकिलाच्या टेबलावर येतं ते कुणीतरी पैसा लावलेला असतो, लेखक गोळा केलेले असतात, म्हणून येतं. अशा माणसावर लिहायचं असेल तर कसं लिहायचं ते सांगतो. माणूस घेऊ ओटो लीबमान, जन्म 1865 माइन्झ, मृत्यू 1942 बर्लिन.

आधी माणूस बरोबर धरा. याच नावाचा एक तत्त्वज्ञ होऊन गेला, 1840 ते 1912, जर्मन तत्त्वज्ञ कांटच्या विचारावर लिहिणारा, आणि त्याचं गाजलेलं पुस्तक नेमकं 1865 चं, म्हणजे आपला प्रकाशक जन्मला त्याच वर्षीचं. सर्चमध्ये हा तत्त्वज्ञच आधी वर येतो. म्हणून रोमन अक्षरात नावासोबत (Otto Liebmann) बर्लिन (Berlin) आणि फेरलाग (Verlag), म्हणजे प्रकाशनसंस्था, हे दोन शब्द टाकाच. फोटो उचलताना तर दोनदा बघा.

मग जन्म-शिक्षण-लग्न-मृत्यू या साच्यात लगेच शिरू नका. प्रकाशकाचं आयुष्य त्यानं छापलेल्या पुस्तकांच्या पहिल्या पानावर सापडतं. तिथं वर लेखक, मधे नाव, आणि अगदी खाली बारीक अक्षरात गाव, प्रकाशक, वर्ष. ती खालची ओळ वर्षावार वहीत उतरवत जा. जर्मन राष्ट्रीय ग्रंथालय 1913 पासूनची जर्मन पुस्तकं जमवतंय, त्याचा कॅटलॉग ऑनलाइन फुकट आहे, प्रकाशकाच्या नावाने शोधता येतो. जुन्या कायदा-नियतकालिकांसाठी फ्रँकफर्टच्या माक्स प्लांक संस्थेनं भरपूर स्कॅनिंग करून ठेवलंय, आंबेडकर विद्यापीठाच्या कँपसवर बसून मोबाईलवर सुद्धा उघडतं. पानं जुन्या गॉथिक छपाईत निघाली तर घाबरू नका, त्यात शब्दाच्या मधला एस हा एफसारखा दिसतो, फक्त मधली आडवी रेघ पूर्ण आरपार नसते, एवढं लक्षात ठेवलं तरी बरीच नावं लागतात. ज्यांच्या घरी निजामाच्या काळातले उर्दू किंवा मोडीतले जमिनीचे कागद आहेत त्यांना ही चिकाटी वेगळी शिकवायला नको. बाकी भाषांतर ॲप आहेच, पण नावं आणि तारखा ॲपवर सोडू नका, मूळ पानावरूनच घ्या.

आता खरी मजा. लीबमानने 1890 मध्ये बर्लिनला प्रकाशन काढलं आणि 1896 मध्ये डॉयचं युरिस्टेन-त्साइटुंग, म्हणजे जर्मन कायदेपंडितांचं पत्र, हे पाक्षिक सुरू केलं. त्याच्या पहिल्या पानावर संपादक तीन: घटनाकायद्याचे प्राध्यापक पाउल लाबांड, सर्वोच्च न्यायालयातून निवृत्त झालेले मेल्खिओर स्टेंगलाइन, आणि बर्लिनचे वकील हेर्मान स्टाउब. एक प्राध्यापक, एक न्यायाधीश, एक वकील. प्रकाशकाचं डोकं इथं दिसतं बघा, तिन्ही प्रकारचं गिऱ्हाईक त्यानं एकाच पानावर बांधून घेतलं. आणि वेळ कोणती, तर जर्मन नागरी संहिता 1896 मध्येच मंजूर झाली आणि 1 जानेवारी 1900 ला लागू झाली, म्हणजे सगळ्या देशाच्या वकिलांना नवा कायदा शिकायचा होता. अशी सांगड तुम्ही लावून दाखवली नाही तर टिपण म्हणजे नुसती तारखांची यादी होते.

पुढं 1924 मध्ये न्यायाधीश आडोल्फ बाउमबाख यांचं दिवाणी प्रक्रियेवरचं आटोपशीर भाष्य त्यानंच छापलं. वकिलाला पटकन उघडता येईल असं एका खंडातलं भाष्य, हे त्याचं दुसरं मोठं काम, यावर एक पूर्ण परिच्छेद द्या.

1933 चं साल मात्र घाईत उरकू नका. लीबमान ज्यू होता. जानेवारीत हिटलर चान्सलर, एप्रिलमध्ये ज्यूंना सरकारी नोकरीतून आणि वकिलीतून काढणारे कायदे, आणि डिसेंबरात लीबमानची संस्था म्युनिकच्या बेक प्रकाशनाकडं गेली. नुसतं 'व्यवसाय विकला' असं लिहून पुढं जाणं मला अन्याय वाटतो, एप्रिलचे कायदे शेजारी मांडाच. किंमत रास्त होती का यावर वाद आहेत, तेही सांगा. बेक 1763 चं घराणं, त्यांच्या 250 वर्षांनिमित्त 2013 मध्ये जे इतिहास निघाले ते जरूर बघा, पण घरच्याच जयंतीला घरच्याच प्रकाशनानं काढलेले आहेत हे ध्यानात ठेवून, बाहेरच्यांचं लिखाणही सोबत ठेवा. त्याच्या पाक्षिकाचं काय झालं तेही लिहा: 1934 ला संपादक झाला नाझींच्या बाजूचा कायदेपंडित कार्ल श्मिट, त्याच वर्षी 1 ऑगस्टच्या अंकात त्यानं हिटलरनं करवलेल्या हत्यांचं समर्थन केलं, आणि 1936 ला पाक्षिक बंद पडलं.

मृत्यूच्या तारखेवर टिपण संपवू नका, कारण त्याची कल्पना पुढं चालली. बेकच्या छोट्या भाष्यांच्या मालिकेत बाउमबाखचं पुस्तक पहिल्या क्रमांकावर आहे. सातव्या क्रमांकाला नागरी संहितेवरचं भाष्य, 1938 च्या अखेरीस आलेलं, त्यावर नाव ओटो पालांट या नाझी अधिकाऱ्याचं. मूळ ठरलेले संपादक गुस्टाफ विल्के अचानक वारले म्हणून हा आला आणि यानं लिहिलं ते प्रस्तावनेपुरतंच. तरी हे नाव जर्मन वकिलांच्या तोंडी ऐंशी वर्षं राहिलं. 2021 मध्ये बेकनं ते काढलं, 81वी आवृत्ती न्यायाधीश क्रिस्टियान ग्र्युनेबेर्ग यांच्या नावानं आली. लीबमान आणि पालांट या दोन ओटोंची सरमिसळ होऊ देऊ नका, तोंडी परीक्षेत हमखास विचारतील.

लिहून झालं की प्रत्येक तारखेपुढं ती कुठून घेतली ते पेन्सिलीनं मांडा, जिथं जागा रिकामी राहील ते वाक्य काढून टाका. नावं मराठीत एकदा ठरवली की तीच शेवटपर्यंत, एका पानावर लीबमान आणि दुसऱ्यावर लाइबमान नको.