ओव्हरकुक्ड २ : तीन तारे कुठे अडत होते

ओव्हरकुक्ड २ हा मिळून स्वयंपाक करायचा व्हिडिओ गेम, त्यात प्रत्येक लेव्हलला गुणांनुसार तारे मिळतात. आम्ही चौघे खेळत असूनही दोन ताऱ्यांच्या पुढे जात नव्हतो. हात कमी पडत नव्हते, अडचण ताटल्यांची होती. ज्या लेव्हलमध्ये ताटल्या धुवाव्या लागतात तिथे त्या मोजक्याच असतात. दिलेली ताटली थोड्या वेळाने खरकटी होऊन परत येते. ती सिंकमध्ये गेली नाही, तर पदार्थ तयार असूनही वाढता येत नाही आणि शेगडीवर राहिलेलं पातेलं पेट घेतं.

उपाय : एकाकडे फक्त धुणं आणि वाढणं. दोघे चिरणारे. चौथा शेगडीपाशी.  पातेल्यात घालायचे जिन्नस चालत नेऊ नका, लांबूनच पातेल्यात फेका. नेम धरला की थेट आत पडतात. ताटल्या मात्र फेकता येत नाहीत. पदार्थ शिजला आणि ताटली नसली, तर पातेलं उचलून ओट्यावर ठेवा, करपणं थांबतं.

दुसरी चूक गुणांची. पडद्यावर वर दिसणाऱ्या ऑर्डर डावीकडून क्रमाने दिल्या तर टिप चौपटीपर्यंत वाढते, क्रम मोडला की ती साखळी तुटते. म्हणून वाढणाऱ्यानेच पुढची ऑर्डर मोठ्याने सांगायची, बाकीच्यांनी वर बघायचंच नाही.