जादूगारांच्या संघप्रमुखाचे काल्पनिक चरित्र कसे लिहावे

जादूगारांच्या संघाचा प्रमुख हा राजा नसतो, ऋषी नसतो आणि एकटा लढणारा वीर तर मुळीच नसतो. तो पदाधिकारी असतो. कोणाला मंत्रविद्येचा परवाना द्यायचा, नव्या शिष्याची उमेदवारी, म्हणजे उस्तादाच्या हाताखाली शिकण्याचा काळ, किती वर्षांची ठेवायची, दोन सभासदांच्या भांडणात कोणाची बाजू उचलून धरायची आणि मृत सभासदाच्या कुटुंबाला निधीतून किती द्यायचे, हे ठरवणे हे त्याचे काम. अशा व्यक्तीचे चरित्र अद्भुत नक्षत्रावरील जन्मापासून सुरू करून अंतिम युद्धात संपवले, तर संघ केवळ पडद्यावरच्या चित्रासारखा मागे लटकत राहतो. म्हणून लेखनाला बसण्यापूर्वी प्रमुखाचा विचार बाजूला ठेवावा आणि आधी संघाची नियमावली लिहून काढावी.

ही नियमावली हवेतून निर्माण करण्याची गरज नाही, कारण खऱ्या कारागीर संघांचा इतिहास याबाबतीत फार उदार आहे. 1268च्या सुमारास पॅरिसमध्ये एत्येन ब्वालो या अधिकाऱ्याने शहरातील सुमारे शंभर व्यवसायांचे नियम नोंदवून घेतले. त्यांत एका उस्तादाने किती उमेदवार ठेवावेत याच्या मर्यादा आहेत, तसेच कित्येक व्यवसायांना रात्री काम करण्यास बंदी आहे, कारण अपुऱ्या उजेडात काम निकृष्ट होते आणि लबाडीही खपून जाते. व्हेनिसने 1291मध्ये काचेच्या भट्ट्या मुरानो बेटावर हलवल्या. उघड कारण आगीच्या धोक्याचे होते, पण त्यामुळे काचकामाचे रहस्यही एका जागी राखणे सोपे झाले आणि पुढे तेथील कारागिरांना प्रजासत्ताक सोडून जाण्यास मनाई झाली. इंग्लंडमध्ये 1563च्या कायद्याने किमान सात वर्षांची उमेदवारी सक्तीची केली. या प्रत्येक तरतुदीतील ‘काच’ किंवा ‘कापड’ काढून तेथे ‘मंत्र’ ठेवून पाहावे. रात्री मंत्र म्हणण्यास बंदी का असेल? विद्या जाणणाऱ्याला बेट सोडता येत नसेल, तर त्याच्या मुलांचे काय? चरित्रातील निम्मे संघर्ष अशा दोन-तीन प्रश्नांतच दडलेले असतात.

यानंतर जादूची किंमत ठरवावी. माझ्या मते सर्वांत जास्त वेळ येथेच द्यायला हवा, आणि नेमके येथेच बहुतेक लेखक घाई करतात. जादू फुकट असेल तर संघाची गरजच उरत नाही, कारण संघ हा मुळात दुर्मिळ गोष्टीच्या वाटणीसाठी असतो. समजा, समुद्रकिनाऱ्यावरील दीपस्तंभांच्या ज्योती मंतरणाऱ्यांचा एक संघ आहे आणि प्रत्येक ज्योतीसाठी मंतरणाऱ्याची दृष्टी थोडी मंदावते. अशा संघाची प्रमुख झालेली स्त्री सभासदांचे डोळे वाचवण्यासाठी नियम करते की, कोणीही वर्षाला ठरावीक संख्येपेक्षा जास्त ज्योती मंतरू नयेत आणि प्रत्येक उस्तादाने एकच शिष्य घ्यावा, म्हणजे शिक्षणात कसर राहणार नाही. नियम दयाळू आहे, सभासद तिला आई मानू लागतात. मात्र एका पिढीनंतर जुने उस्ताद थकतात, त्यांची जागा घेणारे हात पुरेसे नसतात आणि दूरचे दीपस्तंभ एकामागून एक विझू लागतात. येथे कोणी खलनायक आणावा लागला नाही. ज्या निर्णयाने तिला मोठेपण दिले, त्याच निर्णयाने तिच्या कीर्तीला डाग लावला. संपूर्ण आयुष्य सांगण्याऐवजी असे तीन-चार निर्णय निवडावेत, आणि त्यांपैकी किमान एकाची फळे ती जिवंत असतानाच तिच्यासमोर येऊ द्यावीत.

बालपणाला दोन परिच्छेद पुरतात.

निवेदनाची रीत ठरवताना एकाच सर्वज्ञ आवाजावर अवलंबून राहू नये. बखरीच्या थाटातील स्तुतिपर वृत्तांत, संघाच्या जमाखर्चाची रुक्ष वही, सभेतील ठराव आणि हाकलून दिलेल्या एखाद्या शिष्याचा तक्रार अर्ज ही चार साधने एकमेकांशी पूर्ण जुळत नाहीत, अशीच रचना करावी. बखर सांगते की प्रमुखाने स्वतःच्या पैशाने नवा स्तंभ उभारला. वहीत मात्र त्याच महिन्यात शिष्यनिधीतून मोठी रक्कम उचलल्याची नोंद आहे. चरित्रकाराने या विसंगतीचा निकाल लावण्याची घाई करू नये, तसेच ती इतकी सूचकही ठेवू नये की वाचकाच्या नजरेतून निसटेल.

वारशाचा भाग लिहिताना पुतळे आणि दंतकथा यांच्या बाबतीत हात आखडता घ्यावा. मध्य प्रदेशातील मंदसोरच्या शिलालेखात रेशीम विणकरांच्या श्रेणीची, म्हणजे प्राचीन कारागीर संघाची, हकिकत आहे. लाट देशातून, म्हणजे आजच्या दक्षिण गुजरातेतून, आलेल्या या विणकरांनी इ. स. 436च्या सुमारास सूर्यमंदिर बांधले आणि पुढे त्याची पडझड झाल्यावर इ. स. 473च्या सुमारास त्याच श्रेणीने ते दुरुस्त केले. मधल्या काळात सभासदांपैकी कोणी धनुर्विद्येकडे, कोणी ज्योतिषाकडे, कोणी कथाकथनाकडे वळले होते, असे तोच लेख सांगतो. व्यवसाय विखुरला तरी श्रेणी म्हणून एकत्र येऊन दुरुस्ती करण्याइतके बंधन टिकले, हा खरा वारसा होय. तेव्हा आपल्या प्रमुखाच्या मृत्यूनंतर साधारण तेवढाच काळ पुढे जाऊन संघाची एक सभा लिहावी. त्या प्रमुखाचा कोणता नियम अजून पाळला जातो, कोणता गुपचूप मोडला जातो, आणि कोणता नियम कारण विसरूनही केवळ सवयीने चालू आहे, हे त्या सभेतील वादातून कळू द्यावे.

संघाचा शेवटही दाखवायचा असेल, तर तो काळ्या जादूनेच व्हावा असे नाही. फ्रान्समध्ये 1791च्या कायद्यांनी कारागीर संघ संपुष्टात आणले, कारण परवान्यांची मक्तेदारी नव्या राजवटीला मान्य नव्हती. विनापरवाना ज्योती मंतरून स्वस्तात विकणारा तरुण हा संघाचा शत्रू असला, तरी ज्या गावाचा दीपस्तंभ विझला आहे त्या गावाला तो तसा वाटणार नाही. त्या गावाची बाजूही चरित्रात एका प्रकरणापुरती यावी, आणि ते प्रकरण प्रमुखाच्या मृत्यूनंतर नव्हे, तर ती पदावर असतानाच्या काळात बसवावे, म्हणजे तिला त्यावर उत्तर द्यावे लागेल.